राजस्वारी आणि चलच्चित्राची साक्ष

इतिहासाचीं साधनें कोणतीं असें विचारलें असतां आपल्याकडे एक ठराविक यादी सांगण्याचा प्रघात आहे. शिलालेख, ताम्रपट, नाणीं, बखरी, दप्तरांतील पत्रें आणि परदेशीय प्रवाशांचीं वर्णनें एवढीं नांवें घेतलीं कीं ती यादी पुरी होते. राजवाडे, खरे, सरदेसाई यांच्या पिढीनें कागदपत्रांचें महत्त्व आमच्या मनावर इतकें ठसविलें कीं, कागदाबाहेरही कांहीं पुरावा असूं शकतो याचा आम्हांस जवळजवळ विसर पडला. परंतु एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या यादींत एका सर्वस्वी नव्या साधनाची भर पडली. तें साधन म्हणजे चलच्चित्र. मेलेल्या माणसाची चाल, त्याची लवण्याची ढब, त्याच्या भोंवतालच्या गर्दीची हालचाल हीं पुढच्या पिढीला डोळ्यांनीं पाहतां यावींत, अशी सोय त्यापूर्वीं कोणत्याही युगांत नव्हती.

या साधनाविषयीं एक समज मात्र फार लवकर रूढ झाला. कागद बनावट असूं शकतो, बखरकार पदरचें मीठमसाला घालूं शकतो, परंतु यंत्राला मत नाहीं व पक्ष नाहीं. तें समोर असेल तेंच टिपतें. तेव्हां त्याची साक्ष निर्विवाद मानावी, असा तो समज होय. हा समज कितपत खरा आहे, याची परीक्षा करण्यास राजेलोकांच्या स्वाऱ्यांचीं जुनीं चलच्चित्रें फार उपयोगी पडतात. इंग्लंडच्या राजघराण्यांतील पुरुष १९०५, १९११ व १९२१ या तीन सालीं मुंबईच्या अपोलो बंदरावर उतरले; आणि याच काळांत गिरगांव, दादर, परळ या भागांतील लोक हें नवें यंत्र पाहण्यास, वापरण्यास व त्याच्यासमोर उभे राहण्यास शिकत होते. या दोन गोष्टी शेजारीं शेजारीं ठेवून पाहाव्या, एवढाच या लेखाचा हेतु आहे.

मुंबईस हें यंत्र प्रथम आलें तें ७ जुलै १८९६ रोजीं. फ्रान्सांतील ल्युमिएर बंधूंच्या यंत्राचा पॅरिस येथें जाहीर प्रयोग होऊन सहा महिने नुकतेच उलटले होते तोंच काळा घोड्याजवळील वॉटसन हॉटेलांत त्यांच्या माणसानें एक रुपया दर लावून सहा छोटीं चित्रें दाखविलीं. आगगाडीचें स्थानकांत येणें, कारखान्यांतून कामकऱ्यांचें बाहेर पडणें, भिंत पाडणें, समुद्रस्नान असे त्यांचे विषय होते. त्यांत राजा नव्हता कीं सेनापति नव्हता. थोड्याच दिवसांत हे खेळ नॉव्हेल्टी नाटकगृहांत गेले, दर चार आण्यांपर्यंत उतरले, आणि पडदानशीन स्त्रियांसाठीं निराळ्या जागांची तजवीज झाली. ज्या शहरांत हजारों माणसें दररोज संध्याकाळीं गिरण्यांच्या दरवाजांतून बाहेर पडत, त्या शहराला कारखान्यांतून बाहेर पडणाऱ्या माणसांचें चित्र अद्भुत म्हणून दाखविलें गेलें, हा योगायोग लक्षांत ठेवण्यासारखा आहे. अद्भुत होतें तें यंत्र. दृश्य अगदीं रोजचें होतें.

हें पाहून चकित झालेल्यांमध्यें हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर नांवाचे एक छायाचित्रकार होते. लोक त्यांस सावेदादा म्हणत. केवळ चकित होऊन ते थांबले नाहींत. त्यांनीं विलायतेहून २१ गिनी खर्चून एक कॅमेरा मागविला आणि १८९९ सालीं मलबार टेकडीवरील हँगिंग गार्डन येथें पुंडलीकदादा व कृष्णा न्हावी या दोन पहिलवानांची कुस्ती त्या यंत्रांत धरली. फिल्म धुण्यासाठीं ती विलायतेस धाडावी लागे व परत येईपर्यंत वाट पाहावी लागे. भारतीय माणसानें भारतांत घेतलेल्या पहिल्या चलच्चित्रांत या कुस्तीची गणना होते. विषयाची निवडही पाहण्यासारखी आहे. हौदा, अंबारी, पलटण यांचें आकर्षण त्या काळींही कमी नव्हतें. पण पहिला मान मिळाला तो तालमींतल्या दोन गड्यांना.

याहून महत्त्वाचा प्रसंग १९०१ च्या डिसेंबरांतील होय. दापोली तालुक्यांतील मुर्डी गांवचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हे १८९९ सालीं केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेंत पहिल्या क्रमांकाचे, म्हणजे 'सीनियर रँग्लर', ठरले होते. हा मान मिळविणारे ते पहिलेच भारतीय. ते स्वदेशीं परत आले तेव्हां मुंबईंत त्यांचें जें स्वागत झालें, तें सावेदादांनीं चलच्चित्रांत घेतलें. आपल्या देशांतील पहिलें वार्ताचित्र म्हणून चित्रपटाचे इतिहासकार याचाच उल्लेख करितात.

या घटनेचा अर्थ काय, याकडे जरा सावकाश पाहिलें पाहिजे. बंदरावर येणारी बोट, फुलांचे हार, जमलेली गर्दी, गाडींत बसलेला तरुण व त्याच्यामागून चाललेले लोक हा सर्व थाट राजस्वारीचा आहे. परंतु ज्याच्यासाठीं तो केला, त्याच्यापाशीं राज्य नव्हतें, धन नव्हतें, फौज नव्हती. कोंकणांतील एका सामान्य घरच्या या मुलाजवळ गणिताची विद्या एवढेंच भांडवल होतें. राजकर्त्यांच्या देशांत जाऊन, राजकर्त्यांच्याच परीक्षेंत, राजकर्त्यांच्याच मुलांना त्यानें मागें टाकलें, याचा अभिमान त्या गर्दीला होता. एका मराठी छायाचित्रकाराला हा प्रसंग फिल्मवर खर्च करण्याच्या योग्यतेचा वाटला, यांत त्या काळच्या मध्यमवर्गाचें मन जितकें स्पष्ट दिसतें, तितकें दहा अग्रलेखांतही दिसणार नाहीं. पुढें १९०३ च्या जानेवारींत लॉर्ड कर्झन यांनीं दिल्लीस दरबार भरविला, त्याचींही चित्रें सावेदादांनीं घेतलीं. दोन्ही प्रसंग एकाच माणसानें टिपले. पण क्रमानें रँग्लर अगोदर आणि दरबार नंतर, हें विसरतां कामा नये.

आतां राजस्वाऱ्यांकडे वळूं. ९ नोव्हेंबर १९०५ रोजीं इंग्लंडचे युवराज जॉर्ज व त्यांच्या पत्नी मेरी मुंबईस उतरल्या आणि दोन दिवसांनीं त्यांच्या हस्तें एका वस्तुसंग्रहालयाची कोनशिला बसविण्यांत आली. तेंच पुढें 'प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियम' या नांवानें प्रसिद्ध झालें व आज छत्रपति शिवाजी महाराजांच्या नांवानें ओळखलें जातें. सहा वर्षांनीं, २ डिसेंबर १९११ रोजीं, तेच जॉर्ज बादशहा होऊन 'मेदिना' नांवाच्या जहाजानें पुन्हां अपोलो बंदरावर आले. राज्य करीत असलेला इंग्लंडचा राजा हिंदुस्थानांत येण्याचा हा पहिलाच प्रसंग. तेथें उभारलेल्या मंडपांत नगरपालिकेच्या वतीनें सर फेरोजशहा मेहता यांनीं मानपत्र वाचलें. ज्या ठिकाणीं राजाचें पाऊल लागलें, तेथें कायमची कमान उभारण्याचें ठरून ३१ मार्च १९१३ रोजीं तिचा पाया घातला गेला. तीच आजची गेट वे ऑफ इंडिया. ती १९२४ सालीं पुरी झाली; म्हणजे जिच्यांतून राजा आला असें पुष्कळांस वाटतें, ती कमान राजा आला त्या दिवशीं अस्तित्वांतच नव्हती.

या स्वारीचीं चलच्चित्रें घेण्यासाठीं विलायतेहून एकापेक्षां अधिक कंपन्यांचीं माणसें आलीं होतीं. त्यांत चार्ल्स अर्बन यांची 'किनेमाकलर' पद्धति विशेष गाजली. साधें चलच्चित्र त्या वेळीं सेकंदाला सुमारें सोळा चित्रें या गतीनें घेत; किनेमाकलरचा कॅमेरा त्याच्या दुप्पट गतीनें चाले आणि त्याच्यापुढें तांबडी व हिरवी अशा दोन कांचा आळीपाळीनें फिरत. दाखवितांना तशाच दोन कांचा फिरविल्या म्हणजे पाहणाऱ्याच्या डोळ्यांत दोन रंग मिसळून सर्व दृश्य रंगीत भासे. फिल्मवर प्रत्यक्ष रंगाचा थेंबही नसे. २ फेब्रुवारी १९१२ रोजीं लंडनच्या स्काला नाटकगृहांत हा खेळ सुरू झाला तेव्हां रंगमंचाला ताजमहालाचा देखावा दिला होता, वाद्यवृंद व गायकमंडळी होती, आणि खेळ सुमारें अडीच तास चाले. ज्या लंडनकरांनीं हिंदुस्थान कधीं पाहिलें नव्हतें, त्यांना तें असें दिसलें: हत्ती, छत्र्या, झळकणारीं शस्त्रें आणि ओळीनें उभीं असलेलीं माणसें.

परंतु या दरबारांतील सर्वांत मोठी गोष्ट त्या चित्रांत येणें शक्यच नव्हतें. १२ डिसेंबर १९११ रोजीं बादशहांनीं बंगालची फाळणी रद्द झाल्याचें व राजधानी कलकत्त्याहून दिल्लीस नेण्याचें जाहीर केलें. ज्या फाळणीविरुद्ध स्वदेशीची चळवळ उठली, लोकमान्यांच्या महाराष्ट्रानें जिला साथ दिली, ती फाळणी एका वाक्यानें मागें घेतली गेली. फिल्म मुकी असल्यामुळें तिला तें वाक्य ऐकूं आलें नाहीं. तिनें मुकुट पाहिला, छत्र पाहिलें, माघार पाहिली नाहीं. चलच्चित्राची साक्ष तपासतांना पहिला प्रश्न म्हणून हाच विचारावा लागतो कीं, हें साधन कोणत्या बाबतींत मुळांतच आंधळें किंवा बहिरें होतें?

दुसरा प्रश्न अधिक बिकट आहे, व तो एका मराठी राजाच्या पायीं उपस्थित झाला. दरबारांत संस्थानिकांनीं एकामागून एक येऊन बादशहांना लवून मुजरा करावा आणि पाठ न दाखवितां मागें सरावें, असा संकेत होता. मान प्रथम निजामांचा, त्यानंतर बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांचा. सयाजीरावांनीं एकदां मान लवविली, वळले आणि हातांतील छडीसह चालते झाले. एवढ्यावरून विलायतेंतील वर्तमानपत्रांत गहजब उडाला. महाराजांनीं जाणूनबुजून बादशहांचा अपमान केला, अलंकार उतरवून ठेवले, पाठ फिरविली, असे आरोप झाले. प्रसंगाचीं चलच्चित्रें लंडनच्या चित्रगृहांत दाखविण्यांत आलीं आणि तीं पाहून प्रेक्षकांनीं आपला संताप व्यक्त केला. महाराजांना व्हाइसरॉय लॉर्ड हार्डिंज यांस पत्र लिहून खुलासा करावा लागला. निजामांच्या मागोमाग आपला क्रम असल्यामुळें रीत नीट पाहतां आली नाहीं व गोंधळ झाला, असें त्यांचें म्हणणें होतें.

आमच्या माहितींत एखाद्या राजपुरुषावर चलच्चित्राच्या आधारें जनतेसमोर खटला चालल्याचें इतकें जुनें दुसरें उदाहरण नाहीं. ती फिल्म आजही उपलब्ध आहे व कोणासही पाहतां येते. ती पाहणाराला काय दिसतें? लांबून घेतलेलें चित्र, मंडपासमोर एक लहानशी आकृति, एक लवणें, एक वळणें, कांहीं पावलें. सर्व मिळून कांहीं क्षणांचा खेळ. अपमान करण्याचा हेतु त्यांत दिसत नाहीं आणि हेतु नव्हता हेंही त्यांत दिसत नाहीं, कारण हेतु ही दिसणारी वस्तुच नव्हे. लंडनच्या प्रेक्षकाला बंडखोर दिसला, कारण त्यानें सकाळीं वर्तमानपत्रांत बंडखोर वाचला होता. इकडे पुष्कळ देशभक्तांना त्याच पावलांत स्वाभिमान दिसला व आजही दिसतो. फिल्म एक, पावलें तींच. निकाल मात्र पाहणारानें घरूनच आणलेला.

ज्या राजाला त्या कांहीं क्षणांवरून तोललें गेलें, त्याचें खरें कर्तृत्व कोणत्या चित्रांत सांपडणार? नाशिक जिल्ह्यांतील कवळाणें गांवच्या एका शेतकरी शाखेंतून दत्तक जाऊन गादीवर बसलेल्या या पुरुषानें आपल्या संस्थानांत १९०६ सालीं प्राथमिक शिक्षण सक्तीचें व मोफत केलें. परळच्या चाळींत राहून शिकलेले भीमराव आंबेडकर १९१३ सालीं उच्च शिक्षणासाठीं अमेरिकेस गेले, ते याच महाराजांच्या शिष्यवृत्तीवर. शाळेची हजेरी आणि शिष्यवृत्तीचा हुकूम यांचीं चलच्चित्रें कोणी घेत नसतो. तेथें दप्तरच धुंडाळावें लागतें. आणि म्हणूनच राजवाड्यांच्या पिढीचा कागदाविषयींचा आग्रह अजून जुना झालेला नाहीं.

दरबाराच्या चित्रांनीं विलायतेंत गर्दी खेंचली, त्याच सुमारास मुंबईंत निराळीच तयारी चालली होती. गिरगांवांतील एका तंबूवजा चित्रगृहांत ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून धुंडिराज गोविंद फाळके यांच्या मनानें घेतलें कीं, आपलीं दैवतें पडद्यावर यावींत. दादरला बिऱ्हाड व कारखाना थाटून त्यांनीं 'राजा हरिश्चंद्र' तयार केला आणि ३ मे १९१३ रोजीं गिरगांवांतील कॉरोनेशन चित्रगृहांत तो लोकांपुढें आणला. चित्रगृहाच्या नांवांत राज्याभिषेक होता. पडद्यावर मात्र सत्यासाठीं राज्य सोडणारा राजा होता. या विरोधांत फाळक्यांनीं कांहीं योजून केलें असें आम्ही म्हणत नाहीं. तरी ज्या प्रेक्षकांना दोन वर्षांपूर्वीं बादशहाची मिरवणूक पाहावयास मिळाली होती, त्यांना आतां आपल्या कल्पनेंतला राजा पाहावयास मिळाला, ही गोष्ट लहान नाहीं.

आणखी सात वर्षांनीं मुंबईनें जी मिरवणूक पाहिली, तिच्यापुढें सर्व राजस्वाऱ्या फिक्या पडल्या. १ ऑगस्ट १९२० रोजीं क्रॉफर्ड मार्केटजवळील सरदारगृहांत लोकमान्य टिळकांचें देहावसान झालें. भर पावसांत लाखों लोक त्यांच्या पार्थिव देहामागून गिरगांवच्या चौपाटीपर्यंत चालत गेले आणि तेथें वाळवंटावर त्यांस अग्नि दिला गेला. या अंत्ययात्रेचींही चलच्चित्रें घेण्यांत आलीं. राजस्वारीच्या चित्रांत गर्दी ही एका रेषेच्या मागें उभी केलेली असते; मध्यें रिकामा रस्ता, दोहों बाजूंस शिपाई आणि त्यांच्यामागें माणसें. अंत्ययात्रेच्या चित्रांत रस्ताच दिसत नाहीं. गर्दी हीच मिरवणूक असते. ज्याला वाचतां येत नाहीं अशा मुलालाही हीं दोन चित्रें समोर ठेविलीं तर राज्य कोणाचें आणि मन कोणाकडे, हें सांगतां येईल.

या पार्श्वभूमीवर तिसरी राजस्वारी आली. १७ नोव्हेंबर १९२१ रोजीं युवराज एडवर्ड अपोलो बंदरावर उतरले. राष्ट्रीय सभेनें बहिष्कार पुकारला होता. बंदरावर मानवंदना, मानपत्र, पताका, मोटारी व घोडेस्वार असा सर्व विधि यथासांग पार पडला. त्याच दिवशीं परळकडे, ज्या रेल्वे स्थानकाला पूर्वीं एल्फिन्स्टन रोड म्हणत व २०१८ पासून प्रभादेवी म्हणतात त्याच्याजवळ, एल्फिन्स्टन गिरणीच्या आवारांत गांधीजींच्या उपस्थितींत विलायती कापडाची प्रचंड होळी झाली. दुर्दैवानें गोष्ट तेवढ्यावर थांबली नाहीं. स्वागतास गेलेल्या पारशी, युरोपियन व अँग्लोइंडियन लोकांवर शहरांत हल्ले झाले, त्यांतून उलट हल्ले झाले, आणि कांहीं दिवसांत पन्नासांहून अधिक माणसें प्राणास मुकलीं. गांधीजींनीं १९ तारखेस उपोषण आरंभिलें व शहर शांत झाल्यावर तें सोडलें.

युवराजांच्या या दौऱ्याचीं चलच्चित्रें घेतलीं गेलीं व पुढें विलायतेंत दाखविण्यांत आलीं. अशा चित्रांचा ठरावीक क्रम असे: जहाज, जिना, हस्तांदोलन, मानवंदना, मिरवणूक. कॅमेरा जेथें उभा करण्याची परवानगी असे तेथें तो उभा राही, आणि जेथें तो उभा असे तेथें सर्व कांहीं ठीक असे. बंदरापासून परळपर्यंतचें अंतर थोड्या मैलांचें. पण राजाच्या कॅमेऱ्याला तें कापण्याचें कारणच नव्हतें. खोटें चित्र कोणी घेतलें नाहीं. प्रत्येक दृश्य खरेंच होतें. तरीही तेवढींच दृश्यें पाहणाऱ्याला त्या दिवसाची मुंबई कळली, असें कोण म्हणेल? त्या होळीचा धूर, त्या दंग्यांतील निरपराध मृतांचीं घरें, आणि ज्यांच्यावर आपल्याच माणसांनीं हात उगारला त्यांची भीति, यांपैकीं कांहींही राजस्वारीच्या चित्रांत येत नाहीं. आणि हेंही सांगितलें पाहिजे कीं, केवळ होळीचेंच चित्र कोणी घेतलें असतें तर तेंही अपुरेंच ठरलें असतें.

मुंबईहून युवराज पुण्यास गेले. तेथें १९ नोव्हेंबर रोजीं छत्रपति शाहू महाराजांच्या पुढाकारानें योजलेल्या शिवाजी महाराजांच्या स्मारकाची कोनशिला त्यांच्या हस्तें बसविण्यांत आली. १९२८ सालीं तेथें शिल्पकार करमरकर यांनीं घडविलेला अश्वारूढ पुतळा उभा राहिला, आणि त्याच्या सान्निध्यांत पुढें श्रीशिवाजी प्रिपेरेटरी मिलिटरी स्कूल ही लष्करी शिक्षणाची शाळा वाढली. याच दौऱ्याच्या अखेरीस, १३ मार्च १९२२ रोजीं, युवराजांनीं डेहराडून येथें आपल्याच नांवाच्या लष्करी विद्यालयाचें उद्घाटन केलें. सॅंडहर्स्टच्या विलायती लष्करी महाविद्यालयांत वर्षास दहा जागा भारतीयांना द्यावयाचें सरकारनें नुकतेंच मान्य केलें होतें. त्या जागांसाठीं मुलें तयार करावीं हा या विद्यालयाचा उद्देश.

लष्करी शाळेला राजानें दिलेल्या भेटीचें चित्र जगांत कोठेंही घेतलें तरी सारखेंच दिसतें. मुलें ओळींत ताठ उभीं आहेत, पाहुणा ओळीसमोरून सावकाश चालला आहे, एखाद्यापाशीं थांबून दोन शब्द बोलतो, सलाम होतो, निशाण फडकतें. त्या ओळींतील मुलाच्या मनांत काय आहे हें पाहुण्याला कळत नाहीं आणि कॅमेऱ्यालाही कळत नाहीं. साम्राज्याला निष्ठावंत अधिकारी हवे होते व त्यासाठींच डेहराडूनची ती ओळ उभी केली होती. परंतु पुढें स्वतंत्र भारताचे लष्करप्रमुख झालेले जनरल थिमय्या आणि जनरल बेवूर हे दोघेही त्याच विद्यालयाचे विद्यार्थी होत. ६ ऑक्टोबर १९४९ रोजीं पुण्याजवळ खडकवासला येथें राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची कोनशिला पंडित नेहरूंच्या हस्तें बसली. ती बसविण्यास कोणा राजपुत्राला बोलवावें लागलें नाहीं. १९२२ च्या ओळीचा अर्थ १९२२ सालीं घेतलेल्या कोणत्याही फिल्मवर उमटणें शक्य नव्हतें. तो सत्तावीस वर्षांनीं स्पष्ट झाला.

आतां शेवटचा आणि आमच्या दृष्टीनें सर्वांत दुःखाचा मुद्दा. या सर्व चित्रांपैकीं उरलें काय? त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती चटकन पेट घेई, दमट हवेंत चिकट होई, आणि नीट न ठेविली तर तिचा भुगा होई. शिवाय तिच्या लेपांत चांदी असल्यामुळें जुन्या फिल्मा चांदी काढण्यासाठीं विकण्याची चाल होती. अर्बन यांच्या अडीच तासांच्या रंगीत दरबारापैकींही थोडाच भाग वांचला आहे. लष्करी पाहणीचें एक रीळ तर मॉस्कोजवळील क्रास्नोगोर्स्क येथील संग्रहांत सन २००० च्या सुमारास हातीं लागलें. तरी राजाच्या चित्रांना संग्रह होते, मालक होते, प्रती होत्या. म्हणून दरबाराचे, मिरवणुकीचे व मानवंदनेचे तुकडे कोठें ना कोठें सांपडतात. सावेदादांच्या कुस्तीचा व रँग्लर परांजप्यांच्या स्वागताचा मात्र एक फूटही उरलेला नाहीं. फाळक्यांच्या चित्रपटांचेही तुकडेच हातीं आहेत. सावेदादा १९५८ पर्यंत हयात होते, परांजपे १९६६ पर्यंत. आणि पुण्याचें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ सालीं स्थापन झालें. जपणूक करणारी संस्था उभी राहण्यापूर्वींच ज्या गोष्टी जावयाच्या त्या गेल्या होत्या.

याचा परिणाम असा होतो कीं, त्या काळची मुंबई पाहूं म्हटलें तर आम्हांला बहुधा राजाच्या पाहुण्यांनीं घेतलेलीं चित्रेंच पाहावीं लागतात. तीं टाकून द्यावींत असें आम्ही म्हणत नाहीं. उलट तीं पुन्हां पुन्हां पाहावींत. पण गाडींतल्या माणसाकडे कमी आणि शिपायाच्या खांद्यामागें दिसणाऱ्या चेहऱ्यांकडे अधिक पाहावें. पागोटें, पारशी टोपी, फेटा, उघडें डोकें, कडेवरचें मूल, खिडकींतून वांकलेली बाई, कॅमेऱ्याकडेच टक लावून राजाकडे पाठ फिरविणारा एखादा पोरगा हे सर्व त्या चित्रांत न बोलावतां आलेले आहेत. चित्र घेणाऱ्याला ते नको होते असें नाहीं; त्याला ते केवळ शोभेसाठीं हवे होते. आज मात्र राजा आम्हांस शंभर पुस्तकांतून भेटतो, आणि आमच्या पणज्या-पणजोबांच्या पिढीची हालती आकृति मिळते ती त्याच्या गाडीमागच्या त्या गर्दींत.

२८ फेब्रुवारी १९४८ रोजीं ब्रिटिश फौजेची शेवटची तुकडी त्याच अपोलो बंदरावरून, राजाच्या आगमनाच्या स्मरणार्थ बांधलेल्या त्याच कमानींतून, स्वदेशीं निघून गेली. तो प्रसंगही चलच्चित्रांत आहे. १९११ च्या व १९४८ च्या त्या दोन फिती पाठोपाठ पाहण्याची संधि ज्यांस मिळेल त्यांनीं ती दवडूं नये. जागा एक, समुद्र एक, बँडही तसाच. परंतु गर्दीचे चेहरे निराळे आहेत.

आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांच्या घरीं माळ्यावरच्या पेटींत एखादें आठ मिलिमीटरचें रीळ, लग्नाची किंवा गणेशोत्सवाची जुनी ध्वनिचित्रफीत, दादरच्या किंवा लालबागच्या एखाद्या बंद झालेल्या गिरणीच्या फाटकासमोर घेतलेलें हालतें चित्र पडलेलें असेल. त्यांत राजा नाहीं म्हणून तें बिनमोलाचें समजूं नये. तें कोणीं, कोठें, कोणत्या सालीं घेतलें आणि त्यांत कोण कोण आहे, हें जाणणारीं वडील माणसें हयात आहेत तोंच कागदावर लिहून त्या डब्यांत ठेवावें, आणि शक्य तर त्याची नवी प्रत करून एक संग्रहालयाच्या स्वाधीन करावी. रँग्लर परांजप्यांच्या स्वागताची फिल्म कोणीं मुद्दाम जाळली नाहीं. ती जपून ठेवण्याचें काम आपलें आहे, असें कोणाला वाटलें नाहीं, एवढेंच झालें.